एक स्टार देणाऱ्या ताईंना उत्तर : झूमची स्क्रिप्ट ही 'साधी सेटिंग' नव्हे

नमस्कार ताई. तुम्ही आमच्या दुकानाला एक स्टार दिलात. रविवारच्या आमच्याकडच्या स्लिदर.आयओ (दाणे खात साप वाढवायचा ऑनलाइन खेळ) स्पर्धेत तुमच्या मुलाला सगळ्यांसमोर मशीनवरून उठावं लागलं, त्याला वाईट वाटलं, त्याबद्दल मनापासून माफी मागतो. तुमच्या रिव्ह्यूतला 'चीटर' हा शब्द मात्र आमच्यापैकी कुणीही उच्चारलेला नाही.

तुम्ही लिहिलंय, 'पोराने फक्त झूमची सेटिंग बदलली, तर हाकललं आणि १०० रुपयेही बुडवले.' ताई, स्लिदर.आयओमध्ये झूमची सेटिंगच नाही. सापाची कातडी, म्हणजे रंगरूप, बदलता येते, ग्राफिक्स कमी करता येतात, तेवढंच. या दोन्हींना आमच्याकडे कधीच मनाई नव्हती. त्याने टॅम्परमंकी या एक्सटेन्शनमध्ये (ब्राउझरला जोडायच्या जादा प्रोग्राममध्ये) स्क्रिप्ट, म्हणजे खेळाचं पान बदलणारा छोटा कोड, चालवली होती. सर्व्हर प्रत्येकाला पडद्यावर दिसतं त्याहून थोडी जास्त माहिती पाठवतो. दृश्य किती लांबून दिसावं हे ठरवणारा पानातला आकडा स्क्रिप्ट बदलते आणि माउसचं चाक फिरवलं की कडेपलीकडचं दिसू लागतं. मोठा साप मेला की त्याच्या जागी चमकणारे दाणे पडतात. ते इतरांच्या पडद्यावर येण्याआधीच याला दिसतात आणि हा वेग वाढवून तिथे पोचतो. कोण वेढा घालतोय तेही आधी कळतं. १५ मिनिटांच्या फेरीत सगळ्यात जास्त लांबी गाठणारा जिंकतो, तिथे हा फरक फार मोठा आहे.

संशयावरून उठवलं असंही नाही. पाठीमागच्या षटकोनी जाळीचे खण नखाएवढे झाले होते. साप वाढला की खेळ स्वतःच दृश्य थोडं लांब नेतो, हे खरं, पण त्याची लांबी तेव्हा जेमतेम चारशे होती. एवढ्या लांबीला खण इतके बारीक होत नाहीत. एक्सटेन्शनची यादी उघडली ती त्याच्यासमोरच. त्याने क्रोममध्ये स्वतःचं गूगल खातं उघडून सिंक (खात्यातल्या गोष्टी मशीनवर आणणारी सोय) चालू केलं होतं, त्यातूनच टॅम्परमंकी आमच्या मशीनवर आलं. 'स्वतःचं खातं उघडू नये' ही पाटी प्रत्येक मॉनिटरवर मराठीत आणि हिंदीत लावलेली आहे.

रामबागेतलं हे छोटं दुकान आहे, ताई. पालक रेटिंग बघूनच मुलांना पाठवतात. बाकीची मुलंही पैसे भरूनच बसली होती आणि ती सगळी आपापल्या हाताच्या जोरावर खेळत होती. त्यांच्या आईवडिलांना आम्ही काय सांगायचं होतं?

पुढच्या स्पर्धेपासून क्रोम फक्त गेस्ट मोडमध्ये, म्हणजे कुणाचंही खातं न जोडता, उघडेल, त्यात एक्सटेन्शन चालत नाहीत. काही आढळलंच तर मुलाला बाजूला घेऊन बोलू. त्याला जरूर पाठवा, त्याचा हात खरंच चांगला आहे. १०० रुपये मात्र परत देता येणार नाहीत. पहिली फेरी त्याने पूर्ण खेळली होती.