इचिकावांना ‘शैली नाही’ म्हणण्याआधी

“कोन इचिकावा म्हणजे स्टुडिओ देईल ते काम चोख करणारा कारागीर. स्वतःची शैली नाही, आणि जे चांगलं ते बायकोच्या लेखणीचं.” या जपानी दिग्दर्शकाबद्दलचं हे वाक्य जागतिक सिनेमाच्या चर्चेत वर्षानुवर्षं फिरतंय.

‘शैली नाही.’ विषय बदलत गेले, हे मान्य. पण इचिकावा 1933 मध्ये क्योटोच्या स्टुडिओत ॲनिमेशनच्या कामाला लागले, आणि चित्रकाराची ती नजर सुटली नाही. ‘हर ब्रदर’ (1960) घ्या. रंगीत फिल्म धुताना ब्लीचमुळे प्रतिमेतल्या चांदीचा पुन्हा क्षार होतो, तो फिक्सरमध्ये निघून जातो आणि फक्त रंग उरतात. कॅमेरामन काझुओ मियागावांसोबत इचिकावांनी ही चांदी फिल्मवरच राहू दिली. त्यामुळे रंगांवर जणू कृष्णधवल प्रतिमा बसते: रंग विटतात, काळा दाट होतो, ताइशो काळातलं (1912–26) घर जुनं भासतं. यात सावलीतला तपशील काळ्यात बुडायची भीती असते, म्हणून दिवे, कपडे, एक्स्पोजर सगळं त्याच हिशोबानं आधी ठरवावं लागतं. काम उरकणारा माणूस या फंदात पडत नाही.

‘दिलेलं काम केलं.’ हो, ‘ॲन ॲक्टर्स रिव्हेंज’ (1963) दिलेलंच काम होतं: काझुओ हासेगावांचा 300वा चित्रपट, तोही त्यांच्याच जुन्या गाजलेल्या चित्रपटाचा रीमेक. पन्नाशी ओलांडलेला नट स्त्री-भूमिका करणाऱ्या नटाच्या वेषात! इचिकावांनी हे नाटकीपण झाकलं नाही, उलट पडदाच रंगमंच केला. रुंद चौकट जवळजवळ पूर्ण काळी, आणि तिच्यात चमकणारं एखादं पातं, नाहीतर ताणलेली दोरी.

1964च्या टोकियो ऑलिंपिकवरचा माहितीपट ‘टोकियो ऑलिंपियाड’ही (1965) सरकारी काम. पण विजेत्यांच्या यादीऐवजी तिथे चाड या नव्या देशाचा एकटा धावपटू दिसतो, शर्यतीत मागे पडतो, एकटाच जेवतो. अधिकृत अहवाल हवा असलेले मंत्री उगाच नाराज झाले नव्हते.

‘सगळं बायकोचं.’ इचिकावांच्या पत्नी, पटकथाकार नात्तो वाडा यांचं श्रेय मोठंच आहे. ‘बर्मीज हार्प’ची पटकथा त्यांचीच. पण 1965 नंतर त्यांनी लेखन थांबवलं. त्यानंतर 1976चा ‘इनुगामी फॅमिली’ आला, 1983चा ‘माकिओका सिस्टर्स’ आला. ‘इनुगामी’ची श्रेयनामावली एकदा थांबवून बघा: ठसठशीत मिंचो (जपानी छपाईतलं एक वळण) अक्षरं, उभ्या-आडव्या ओळी काटकोनात भिडलेल्या. हीच मांडणी पुढे ‘इव्हँगेलियन’ या जपानी ॲनिमेशन मालिकेच्या शीर्षकांत आली.