पाऊण फुटाचे मालक

पाच वर्षं हप्ते भरून झाल्यावर मी बँकेला पहिल्यांदा विचारलं, "किती राहिलं हो?"

हे विचारायला पाच वर्षं लागली, कारण उत्तर मला माहीत होतं. घराचं कर्ज २० वर्षांचं, म्हणजे २४० हप्ते. त्यातले ६० भरले. त्रैराशिक मला येतं. पाव फिटलं, पाऊण राहिलं. बँकेकडून फक्त दुजोरा हवा होता, आणि जमलंच तर चार कौतुकाचे शब्द. साठच्या साठ हप्ते वेळेवर भरणारा माणूस काय रोज दारात येतो?

काउंटरपलीकडच्या मुलीने स्क्रीनवर पाहिलं आणि सांगितलं, "शंभरातले ८८.७."

(इथेच सांगून ठेवतो. या लेखातले सगळे आकडे मी शंभराच्या हिशेबात देणार आहे. खरे आकडे लिहायला घेतले की शून्यं मोजता मोजता माझी बोटं संपतात.)

"फिटले?" मी विचारलं.

"राहिले, सर."

"अहो, पण मी ५४ भरलेत!"

"हो ना. त्यातले ४२.७ व्याजात गेले, ११.३ मुद्दलात." दाढ काढल्यावर डॉक्टर ज्या आवाजात 'आता कापूस दाबून धरा' म्हणतात, त्याच आवाजात ती हे म्हणाली. मग तिने कागदांचा एक गठ्ठा छापून हातात दिला. परतफेडीचं वेळापत्रक. २४० ओळी. "हे तुम्हाला कर्ज घेतानाच मेल केलं होतं," असंही तिने सांगितलं. न सांगती तर चाललं असतं.

सिमॉन स्टेव्हिन नावाच्या गणितज्ञाने १५८२ साली अँटवर्पमध्ये व्याजाची कोष्टकं छापून प्रसिद्ध केली. तोवर पेढीवाले असली कोष्टकं जिवापाड लपवून ठेवत. गिऱ्हाइकाला गणित कळलं तर धंदा कसा चालायचा? आता बँका ती आपणहून पाठवतात. गुपित राखण्याचं काम आपलं आपण करतो, मेल न उघडून.

खरं सांगायचं तर माझं अज्ञान त्या मेलच्याही आधीचं होतं. 'दर ९ टक्के' असं पहिल्यांदा ऐकलं तेव्हा माझ्या मनात कुठेतरी १०९ हा आकडा बसला होता. १०० घ्यायचे, वर ९ द्यायचे, विषय संपला. शाळेत सरळव्याजाला 'म गुणिले द गुणिले क भागिले १००' घोकलं होतं. त्यातला 'क' म्हणजे काळ, हे मी पेपर टाकून वर्गाबाहेर पडलो तेव्हाच विसरलो असणार. कर्जाच्या कागदांवर सह्या करताना काळाचा विचार कोण करतं? तेव्हा आपण पडद्यांच्या रंगाचा विचार करत असतो.

घरी आल्यावर मी वेळापत्रकाची पानं एकाला एक जोडून जमिनीवर पसरली. रांग दिवाणखान्यातून निघाली, पॅसेजमधून वळली आणि बेडरूमच्या उंबऱ्याशी संपली. पहिल्या ओळीपाशी मी गुडघे टेकून बसलो.

वर्षाला ९ टक्के म्हणजे महिन्याला पाऊण टक्का. शंभरावर पाऊण, म्हणजे ०.७५ व्याज. हप्ता ०.९. उरले ०.१५, ते मुद्दलात. हप्ता बिचारा दारातून आत येतो, पण व्याज दारातच मुक्काम ठोकून असतं. ते त्याचे खिसे उलटे करतं आणि सुट्टे उरतील ते घेऊन त्याला मुद्दलाकडे पाठवतं. पुढच्या महिन्यात मुद्दल केसभर कमी झालेलं असतं, म्हणून व्याजही केसभर कमी. गेली पाच वर्षं माझ्या घरात हे असं केसाकेसाने चाललं होतं आणि मी आपला पाव कर्ज फिटल्याच्या समाधानात घोरत होतो.

"शेवटी एकूण किती भरायचे?" बायकोने विचारलं.

"२१६."

"घेतले १०० ना?"

"हो."

ती काही बोलली नाही. पानांच्या कडेकडेने चालत गेली आणि पॅसेजमध्ये एका ओळीवर बोट ठेवून थांबली. "हे बघ, हप्ता नंबर १४९. इथे पहिल्यांदा मुद्दल व्याजाच्या पुढे जातंय." १४९ म्हणजे १२ वर्षं ५ महिने. आणखी चार पावलांवर १६८ वा हप्ता होता, पूर्ण १४ वर्षांचा. तिथे कुठे कर्ज निम्मं होत होतं. म्हणजे मुदतीचा ७० टक्के रस्ता तुडवल्यावर निम्मं ओझं उतरणार. नातवंडांबद्दल बोलताना म्हातारी माणसं मुदलापेक्षा व्याज गोड म्हणतात. बँकेला हे प्रेम किती आधीपासून कळलेलं आहे, ते त्या रांगेच्या कडेला उभं राहिल्यावर समजतं.

या सगळ्याला वेगळं वळण दिलं ते आमच्या कन्येने. ती बारा वर्षांची आहे आणि तिला मोजमापांचं वेड आहे. "बाबा, मग यातलं घर आपलं किती?"

घर ६०० चौरस फूट. किमतीतला पाचवा हिस्सा आम्ही पदरचा घातला होता आणि बाकी चार हिस्से कर्ज. पदरच्या पैशांचे १२० चौरस फूट झाले. ते आम्ही एकमताने स्वयंपाकघर आणि गॅलरीला दिले. मग पाच वर्षांत फिटलेलं मुद्दल. गणित कन्येनेच केलं. ५४ चौरस फूट.

"म्हणजे बाथरूम," ती म्हणाली. "आणि संडास."

पाच वर्षं. साठ हप्ते. बाथरूम आणि संडास. ज्या दिवाणखान्यात आम्ही पाहुण्यांना 'या, बसा, आपलंच घर आहे' म्हणत आलो, त्यातली एक फरशीही आमची नव्हती. बेडरूममध्ये तर आम्ही निव्वळ बँकेच्या मेहरबानीवर झोपत होतो. कन्येने तेवढ्यात आणखी एक गणित उरकलं. पहिल्या हप्त्यात आम्ही जे विकत घेतलं ते भरलं पाऊण चौरस फुटाच्याही किंचित खाली. त्या दिवशी मी सगळ्या नातेवाइकांना 'घरमालक झालो' असा निरोप धाडला होता. एका फरशीवर दोन्ही पाय मावतील एवढा मालकसुद्धा मी नव्हतो.

तेव्हापासून ती बाथरूममध्ये तासन्‌तास बसते. हाक मारली की आतून उत्तर येतं, "मी आपल्या जागेत आहे!"

कुतूहल म्हणून मी मॉर्टगेज या शब्दाचं मूळ शोधलं. जुन्या फ्रेंचमध्ये त्याचा अर्थ 'मृत तारण'. एडवर्ड कोक या इंग्रज कायदेपंडिताने १६२८ साली त्याचा खुलासा करून ठेवला आहे: कर्ज फिटलं नाही तर जमीन ऋणकोला मेली, फिटलं तर तारण धनकोला मेलं. थोडक्यात, कुणीतरी मरायलाच हवं. हप्त्या-हप्त्याने कर्ज फेडण्याला इंग्रजीत अमॉर्टायझेशन म्हणतात, त्याच्याही मुळाशी लॅटिनमधला हाच मृत्यू बसलेला आहे. आपल्याकडे गहाण म्हणतात, तारण म्हणतात. तारण या शब्दात निदान तरण्याची थोडी आशा तरी ऐकू येते.

रविवारी मेहुणा आला. तो सीए आहे, आणि जमिनीवर पसरलेले कागद पाहून ज्यांचा चेहरा खुलतो अशा मोजक्या माणसांपैकी एक. सगळं ऐकून घेऊन म्हणाला, "दाजी, तुम्ही उगाच जीव काढताय. २१६ हा आकडाच खोटा आहे. ९ टक्के दराने सगळे हप्ते आजच्या किमतीत आणा. बेरीज किती येते माहितीये? बरोबर १००. बँकेने १०० दिले, तुम्ही १०० देताय."

"मग हे वरचे ११६ कुणाचे?"

"ते काळाचे. वीस वर्षांनी द्यायचा पैसा आज दिलेल्या पैशाएवढा नसतो. महागाई ५ टक्के धरली तर तेव्हाचे १०० म्हणजे आजचे ३८."

गणित त्याचं बिनचूक होतं, ते मी मान्य केलं आणि आजही करतो. शेवटचा हप्ता पहिल्याएवढा जड नसणार, हे खरंच आहे. फक्त यात एक गोष्ट गृहीत आहे: महागाईबरोबर आपला पगारही वाढत राहणार. हे मी बोलून दाखवलं तेव्हा मेहुण्याने "ते आलंच" म्हणून हात झटकले. माझ्या पगाराला हे अजून कुणी कळवलेलं नाही.

शिवाय काही खर्च त्याच्या सूत्रात बसत नाहीत. दुरुस्ती, मालमत्ता कर, विमा आणि कर्ज मंजूर करण्याचं शुल्क हे तरी कागदावर येतं. पण आमच्या ऑफिसात एक साहेब आहेत. त्यांना विनोद सांगायची सवय आहे. विनोद तेच, क्रमही तोच. कर्जाआधी मी त्यांच्यातल्या निम्म्या विनोदांना हसत असे. पहिला हप्ता गेला आणि मी सगळ्यांना हसू लागलो. दुसऱ्या कंपनीतून बोलावणं आलं, काम मनासारखं होतं, पण सुरुवातीला पगार कमी होता. मी नाही म्हणालो आणि दुसऱ्या दिवशी सोमवारच्या विनोदाला दोन सेकंद जास्त हसलो. हे व्याज कुठल्याच वेळापत्रकात सापडत नाही. ते थेट तोंडाच्या स्नायूंमधून वळतं होतं.

एका गोष्टीचा आनंद मात्र मला लपवता येत नाही. कर्ज घेताना बँकेने ३० वर्षांची मुदत सुचवली होती. "हप्ता कमी बसेल, सर." बसला असताच, ०.९ च्या जागी ०.८. आणि एकूण भरणा २१६ वरून गेला असता २९० वर. हप्त्यात दहावा हिस्सा वाचवायचा आणि त्यापायी ७४ जास्त मोजायचे! मी नाही म्हणालो यात माझं शहाणपण शून्य. माझं वय त्या मुदतीत बसेना. पांढऱ्या केसांनी माझे ७४ वाचवले, तेव्हापासून मी त्यांना रंग लावत नाही. उलट दिशेने, १५ वर्षांची मुदत घेतली असती तर हप्ता १.०१ आणि एकूण १८३. पण ते गणित मी रात्री आठवत नाही. झोप उडते.

मनाची थोडी घडी बसते आहे तोवर बँकेचा संदेश आला. कर्ज फ्लोटिंग दराचं होतं आणि दर ९ वरून १० झाला होता. संदेशाचा सूर प्रेमळ होता: आपल्या सोयीसाठी हप्त्यात कोणताही बदल केलेला नाही. हप्ता बदलला नाही म्हटल्यावर मी निश्चिंत झालो. बायकोने फोन हातातून घेऊन खालची ओळ मोठ्याने वाचली. उरलेले हप्ते १८० च्या ऐवजी २०८.

एक टक्का. २८ हप्ते. सव्वादोन वर्षांहून जास्त.

"मग आता बाथरूम परत द्यायचं का?" आतून घाबरलेला आवाज आला.

"बाथरूम आपलंच आहे गं. बेडरूम लांब गेली."

त्या रात्री बायको पुन्हा कॅल्क्युलेटर घेऊन बसली आणि कुणीतरी आम्हाला पाच वर्षांपूर्वी सांगायला हवी होती अशी गोष्ट तिने शोधून काढली. पहिल्याच महिन्यात एक हप्ता जास्तीचा भरला असता, तर रांगेच्या टोकाचे जवळजवळ ६ हप्ते गळाले असते. कारण आगाऊ भरलेल्या पैशाला दारातलं व्याज अडवत नाही. तो थेट मुद्दलापाशी जातो. दरवर्षी असा एकेक हप्ता भरत गेलो असतो तर २० वर्षांचं काम साधारण साडेसोळा वर्षांत उरकलं असतं. उशीर झाला होता, पण आताही एका हप्त्यामागे साडेपाच गळणार होते.

सहलीसाठी बाजूला ठेवलेले पैसे होते. हप्त्याएवढे होते. आम्ही एकमेकांकडे पाहिलं आणि सहलीचं नाव काढलं नाही.

बँकेत आगाऊ भरण्यावर दंड नाही याची खात्री करून घेतली. काही कर्जांवर असतो, हे मेहुण्याने बजावलं होतं. काउंटरपलीकडच्या त्याच मुलीने विचारलं, "हप्ता कमी करू की मुदत?" मी हप्ता म्हणायला तोंड उघडलं होतं. बायको म्हणाली, "मुदत."

घरी येऊन कन्येने हिशेब केला. पूर्ण हप्ता मुद्दलात गेल्यामुळे चार चौरस फुटांहून थोडी जास्त जागा आमची झाली होती. बाथरूमच्या दाराबाहेर, पॅसेजमध्ये, तिने खडूने तेवढा चौकोन आखला. दोन बाय दोनपेक्षा जरासा मोठा. आत कुणी चपला ठेवायच्या नाहीत, अशी ताकीद मिळाली.

मी त्यात उभा राहून पाहिलं. या वेळी दोन्ही पाय मावले. तेवढ्यात साहेबांचा फोन आला. कामाचं बोलणं झालं आणि त्यांनी सोमवारचा विनोद शनिवारीच काढला. मी चौकोनात ताठ उभा होतो. हसलो नाही. पलीकडे शांतता पसरली. "ऐकू आलं ना?" साहेबांनी विचारलं आणि विनोद पुन्हा पहिल्यापासून सुरू केला. ऐकता ऐकता मी फोन या कानावरून त्या कानावर घेतला, एक पाय रेषेबाहेर पडला, आणि मी हसलो.