जोडपुनव चुकली, पेरणी नाही

'तळवट' या माझ्या कादंबरीच्या (दोन चंद्रांच्या कल्पित मुलखाची गोष्ट) पाचव्या प्रकरणावर बेळगावजवळच्या खानापूरच्या एका वाचकांनी खरमरीत प्रतिक्रिया दिली आहे. थोडक्यात ती अशी: "थोरल्या चंद्राचा महिना ३६ दिवसांचा, धाकट्याचा १३ आणि वर्ष ४०० दिवसांचं. ३६ गुणिले ११ म्हणजे ३९६, दरसाल चार दिवस कमी. आठ वर्षांत तुमची 'तिसऱ्या पुनवेची पेरणी' ३२ दिवस अलीकडे येऊन भर उन्हाळ्यात पडेल. माणसं उपाशी मरतील. दोन्ही चंद्र दरवर्षी एका रात्री भरतात हेही अशक्य. एकच सुटसुटीत कॅलेंडर द्या की, वाचकाला हिशेबात कशाला पाडता?"

आधी जोडपुनव, म्हणजे दोन्ही चंद्र एकाच रात्री भरणं. चूक माझी, शंभर टक्के. ३६ आणि १३ यांना १ सोडून सामाईक भाजक नाही, म्हणजे दोन्ही पुनवा एकदा जुळल्या की पुन्हा जुळायला ४६८ दिवस लागणार. वर्षापेक्षा जास्त. तुमची प्रतिक्रिया वाचून रात्री वही घेऊन बसलो. ११७ वर्षांत नेमक्या १०० जोडपुनवा येतात आणि सतरा वर्षं कोरडी जातात. आता तळवटात लग्नं लागतात ती जोडपुनवेलाच, हे मी पहिल्याच प्रकरणात लिहून बसलोय! म्हणजे साधारण दर सातव्या वर्षी अख्ख्या मुलखात एकही लग्न नाही. आपल्याकडं सिंहस्थात लग्न नको म्हणून घाईघाईनं बार उडवून देत, तसं तिथं कोरड्या सालाच्या आधी काय होत असेल याची कल्पना करा. ही गोष्ट मला सुचली नव्हती. तुमच्यामुळं सापडली.

पेरणीचं मात्र मी पूर्ण मान्य करणार नाही. तिसऱ्या पुनवेला देवळात पुजारी मूठभर दाणे मातीत टाकतो, तो विधी. हणमाची, म्हणजे गोष्टीतल्या शेतकऱ्याची, पेरणी तोवर कधीच झालेली असते. तो नुसता हात जोडून उभा राहतो. हे मी एका वाक्यात उरकलं, तिथं चुकलो.

पण तुम्ही खानापूरचे. धूळवाफ तुम्हाला मी सांगायची? आमचे चुलते मे महिन्याच्या शेवटी, पावसाचा थेंब नसताना, कोरड्या मातीत भात पेरून मोकळे होत. विचारलं तर म्हणत, "पंचांग भटजीला, रोहिणी आमाला." गंमत म्हणजे रोहिणीही पंचांगातलीच, फक्त तिचा हिशेब सूर्याचा. म्हणून मृग दरवर्षी ७-८ जूनलाच निघतो, आणि सण मात्र तिथीबरोबर पुढंमागं सरकतात. २०२३ साली अधिक श्रावण आला, नागपंचमी थेट २१ ऑगस्टला गेली. भात काही महिनाभर थांबलं नाही. एकाच घरात, एकाच भिंतीवर ही दोन कालमानं नांदतात आणि कुणाला त्याचा त्रास होत नाही.

बेंदराचंच बघा ना. आपल्याकडं बैलं सजतात ती ज्येष्ठी पुनवेला, कारहुणवीला. पलीकडं महाराष्ट्रात बेंदूर आषाढात. मराठी कॅलेंडरवाले दोन्ही छापतात, 'कर्नाटकी बेंदूर' आणि 'महाराष्ट्रीय बेंदूर'. बैल तोच, महिना वेगळा. आणि १ नोव्हेंबर? १९५६ पासून ती तारीख एका घरी राज्योत्सव आणि शेजारच्या घरी काळा दिन. (कृपा करून यावरून सीमाप्रश्न काढू नका. मी दोन चंद्रांबद्दल लिहितोय.) अशा गावात वाढलेल्या माणसानं कल्पित जगाला एकच कॅलेंडर दिलं, तर ते मला स्वतःलाच खोटं वाटेल.

शिवाय हे गुंते कुणी हौसेनं करत नाही. आदिलशाहीपासून पेशवाईपर्यंतच्या कागदांत शुहूर सन दिसतो. महिने मुसलमानी, आकडे अरबी (खमस सबैन अलफ म्हणजे १०७५) आणि वर्ष सुरू कधी, तर सूर्य मृगात गेला की! म्हणून त्याला मृगसाल म्हणत. त्यात ५९९ किंवा ६०० मिळवले की इसवी सन येतो. असं कडबोळं का केलं असेल? हिजरी वर्ष ३५४ दिवसांचं, दरसाल अकरा दिवस आधी संपणारं. पीक काही अकरा दिवस आधी येत नाही. त्या हिशेबानं सारा घ्यायचा तर ३३ वर्षांच्या पिकावर ३४ वर्षांचा सारा होतो. सरकारी वर्षाला शेवटी पावसाच्या मागं जावं लागलं.

हेच माझ्या तळवटात उलटं आहे. तिथला वसुलीवाला अकरा पुनवा मोजतो आणि वर्ष झालं म्हणतो. ९९ पिकांवर १०० सारे. पुजारी नवव्या वर्षी एक जादा महिना घालून तूट भरून काढतो (चार नव्वे छत्तीस, एवढं तरी मी आधी मोजलं होतं), पण वसुलीवाला तो महिना मानत नाही. हणमाच्या आज्यानं भिंतीवर कोळशानं पिकं मोजून ठेवलीत. भांडण तिथं आहे. कॅलेंडर सुटसुटीत केलं तर भांडणच संपतं, मग मी लिहू काय?

गणितात पाडल्याची तक्रार तेवढी खरी. चौथ्या प्रकरणातला दोन पानांचा तक्ता बघून माझी बायकोसुद्धा 'हे काय एलआयसीचं' म्हणाली होती. तो काढलाय. पहिल्या प्रकरणातलं जोडपुनवेचं 'दरवर्षी' खोडून 'येईल त्या वर्षी' केलंय. आणि हणमाला पाचव्या प्रकरणात पुनवेच्या आधीच, धुळीत, पेरणी करायला लावली आहे. ती तेवढी पुन्हा वाचून बघा. कुरी (बी पेरायची पाभर) कशी चालते ते मी लहानपणी पाहिलेल्या आठवणीवर लिहिलंय, तुम्हाला चूक दिसणारच.