अव्हेरोंमधला अव्हेर

दक्षिण फ्रान्समधल्या एका जिल्ह्याचे नाव अव्हेरों आहे, आणि मराठी माणसाने हे नाव ऐकताच सावध व्हायला हवे होते. आम्ही झालो नाही. या जिल्ह्यातले कॉन्क हे डोंगरउतारावरचे, चपट्या दगडी छपरांचे चिमुकले गाव निवांत पाहावे म्हणून आम्ही उभयतांनी जवळच्या एका वाडीत आठवडाभरासाठी घर घेतले, रविवारी संध्याकाळी तेथे पोहोचलो, आणि सोमवारी सकाळी ताजा पाव आणण्यासाठी मी गाडी घेऊन दुर्दू नदीच्या खोऱ्यातल्या गावात उतरलो.

बेकरी बंद होती. सोमवार हा सुटीचा वार असल्याची चिठ्ठी दारावर होती. रविवारी पहाटे उठून राबलेला बेकरीवाला सोमवारी झोपतो, यात गैर काहीच नाही. आठवड्याची सुटी या देशाने 1906 सालीच कायद्याने दिली, याचा मला आदरही आहे. परंतु आदर लोणी लावून खाता येत नाही. पुढच्या गावातला बेकरीवालाही त्याच वारी झोपत होता. अखेर एक किराणा दुकान सापडले, तेव्हा बारा वाजून पाच मिनिटे झाली होती आणि मालक जेवणाच्या सुटीसाठी दार ओढून घेत होता. माझे आयुष्य पुण्यात गेल्यामुळे दुपारी बंद होणारे दुकान पाहून मला परदेशात आपले माणूस भेटल्यासारखेच वाटले असते. पण पुण्यातला दुकानदार दार लावताना निदान आपल्याकडे पाहत तरी नाही. या गृहस्थाने हसून ‘बोनापेती’, म्हणजे सावकाश जेवा, अशी शुभेच्छा दिली. काय जेवावे, ते सांगितले नाही.

दोन वाजेपर्यंत वेळ काढायचा म्हणून कॉन्कच्या सेंत-फ्वा चर्चसमोर जाऊन उभा राहिलो. पश्चिमेच्या दारावर बाराव्या शतकातले अंतिम निवाड्याचे भव्य शिल्प आहे, त्यात शंभराहून अधिक आकृत्या आहेत, आणि उपाशी माणसाची नजर स्वर्गाऐवजी थेट नरकाकडे जाते, असा माझा अनुभव आहे. तेथे एका कोपऱ्यात ससा शिकाऱ्यालाच सळईवर भाजतो आहे. मी शाकाहारी असूनही त्या विस्तवाकडे बराच वेळ पाहत राहिलो. कमानीच्या कडेवरून काही चेहरे, वाड्यातले शेजारी पडद्याआडून पाहतात तसे, माझी फजिती पाहत होते. ज्या संत बालिकेचे हे चर्च, तिच्या अस्थी कॉन्कच्या एका साधूने 866 साली आजां गावाहून चोरून आणल्या, आणि त्यासाठी तो तेथे सुमारे 10 वर्षे विश्वास संपादन करीत राहिला, असे सांगतात. मला मंगळवारपर्यंतही धीर निघत नव्हता. स्पेनमधल्या सांतियागो या तीर्थक्षेत्राच्या वाटेवरचे पदयात्री समोरच्या पायरीवर बसून हातभर लांबीचा पाव मोडून खात होते. तो त्यांनी कोठून मिळवला, हे नेमके विचारण्याइतके फ्रेंच मला येत नव्हते. दोन वाजता पाकिटातले टोस्ट मिळाले. ते चहात बुडवताना आम्हा दोघांनाही लहानपणीचा ताप आठवला.

मंगळवारी बेकरी उघडी होती आणि फळीवर दहा-बारा बगेत, म्हणजे तेच हातभर लांबीचे पाव, रांगेने उभे होते. रात्री पाठ केलेले वाक्य मी एका दमात म्हटले. दुकानात शांतता पसरली. काउंटरमागच्या बाईंनी बालवाडीतल्या शिक्षिकेच्या संयमाने ‘बोंजूर, मस्य’, म्हणजे नमस्कार महाशय, असे उच्चारले आणि त्या थांबल्या, कारण आधी नमस्कार न करता पाव मागणे हा तेथे पावाचा आणि बाईंचा एकत्रित अपमान असतो. मी बोंजूर म्हटले. मग त्यांनी ते सारे बगेत राखीव असल्याचे सांगितले.

हे कोडे वाडीतल्या शेजारच्या आजींनी सोडवले. पारंपरिक बगेतचे पीठ गोठवून ठेवायला 1993 च्या सरकारी हुकमानेच बंदी आहे, त्यामुळे पहाटे मळले तेवढेच भाजायचे आणि संपले की संपले. ‘आदल्या दिवशी नाव लिहून ठेवायचे असते. न सांगता तुम्हाला पाव कोण देईल?’ असे त्यांनी विचारले, तेव्हा मला लख्ख उमगले, की दुधासारखा येथे पावाचा रतीब लावावा लागतो. मी धावत जाऊन नाव लिहून आलो. दोन बगेत सांगितले, एक आमचा आणि एक आजींचा.

बुधवारी पावांच्या कागदांवर ‘मस्य द श्पांद’ असे लिहिले होते. ‘द’ हा तेथे जुन्या सरदार घराण्यांच्या नावात येतो, त्यामुळे देशपांड्यांना एका रात्रीत जहागीर मिळाली होती. ताज्या बगेतचे टोक घरी पोहोचण्यापूर्वीच मोडून खायचे, हा तेथील सर्वमान्य रिवाज आहे, आणि स्थानिक रिवाज पाळावेत या मताचा मी आहे. दोन बगेतना चार टोके असतात.

‘अहो, यांतला आजींचा कुठला?’ हिने दारातच विचारले. आजी कुंपणापाशी उभ्याच होत्या. त्यांनी आपला पाव हातात घेतला, या टोकापासून त्या टोकापर्यंत, म्हणजे जेथे टोके असायला हवी होती तेथपर्यंत, नीट पाहिला, आणि अत्यंत सौजन्याने मला म्हणाल्या, ‘बोनापेती.’