खुलासा : गुरप्रीत चॅम्पियन्स लीग खेळलेला नाही

'युरोपात खेळलेला पहिला भारतीय गुरप्रीत सिंग संधू, तोही चॅम्पियन्स लीगमध्ये' असा मजकूर भारताच्या या फुटबॉल गोलरक्षकाबद्दल सध्या फिरतो आहे. चॅम्पियन्स लीग म्हणजे युरोपातल्या क्लबांची सर्वोच्च स्पर्धा. त्यातल्या दोन्ही गोष्टी चुकीच्या आहेत.

कोलकात्याचा मोहम्मद सलीम 1936 मध्ये अनवाणी पायांनी स्कॉटलंडच्या सेल्टिक क्लबकडून खेळला होता. बायचुंग भुतिया 1999 मध्ये इंग्लंडच्या बरी क्लबमध्ये गेला, पण तो क्लब तेव्हा तिथल्या तिसऱ्या स्तरावरच्या लीगमध्ये होता. गुरप्रीतचा मान वेगळा आहे आणि तो नीट सांगायला हवा. ईस्ट बंगालमधून 2014 मध्ये तो नॉर्वेच्या स्टाबेक क्लबकडे गेला. तिथे बराच काळ राखीव गोलरक्षक म्हणून थांबला आणि मे 2016 मध्ये नॉर्वेच्या अव्वल लीगमध्ये उतरला. युरोपातल्या एखाद्या देशाच्या अव्वल लीगमध्ये खेळणारा तो पहिला भारतीय. त्याच वर्षी 30 जूनला तो वेल्सच्या संघाविरुद्ध खेळला, ती स्पर्धा चॅम्पियन्स लीगच्या खालोखालची युरोपा लीग होती, तीही पात्रता फेरी.

2019 मध्ये दोहात आशियाई विजेत्या कतारला 0-0 वर रोखणाऱ्या भारतीय संघाचा तो कर्णधार होता. नेहमीचा कर्णधार सुनील छेत्री त्या सामन्यात नव्हता. अशा खेळाडूच्या नावावर खोटे विक्रम चिकटवणे हा त्याच्यावरच अन्याय आहे. ती पोस्ट पुढे पाठवली असेल, तर कृपया दुरुस्तीही पाठवा.