पाहुण्यांना गाव कसं दाखवावं

तमिळ बंडखोरांशीचं युद्ध संपून जेमतेम साडेचार वर्षं झालीत आणि जगभरचे बडे पाहुणे येऊ घातलेत? घाबरू नका. कोलंबोनं नोव्हेंबर 2013 मध्ये राष्ट्रकुल परिषदेचं कार्य उरकलं, तोच कित्ता गिरवा.

आधी नगरविकास संरक्षण खात्याला जोडा. श्रीलंकेनं ते 2010 मध्येच केलं होतं. झाडू आणि बंदूक एकाच साहेबाच्या हाताखाली असली की फूटपाथसुद्धा सावधानमध्ये उभे राहतात. विमानतळावरून शहरात येणारा नवा महामार्ग पाहुण्यांच्या तीनच आठवडे आधी, 27 ऑक्टोबरला, खुला करा. भिकारी उचला. (झोपडपट्टीवर पडदा कसा टाकायचा, ते मुंबईकरांना काय शिकवायचं! 2022 च्या जी-20 ला आपण केलंच की.)

तमिळांच्या प्रश्नावरून रुसलेल्यांचं मनावर घेऊ नका. कॅनडाचे पंतप्रधान हार्पर आले नाहीत, मॉरिशसचे पंतप्रधान रामगुलाम आले नाहीत, मनमोहन सिंगांनी सलमान खुर्शीदांना धाडलं. मांडव काही अडला नाही.

पण खरी मेख रंगरंगोटीत नाहीच. कोणाला येऊ द्यायचं नाही, ते आधी ठरवा. युद्धात पोरं बेपत्ता झालेल्या तमिळ बायका उत्तरेतून बसने निघतात. हातात पोराचा फोटो. ओळखपत्रावरचा मोठा करून घेतलेला, म्हणून नाकडोळे पुसट, वर प्लास्टिक. पोरगा कुठं आहे, एवढंच त्यांना विचारायचं असतं. असा एक फोटो दारात उभा राहिला की कमळाच्या आकाराचं तुमचं नेलुम पोकुणा नाट्यगृह फिकं पडतं. तेव्हा बस वाटेत मेदवाच्चियालाच अडवा, कारण विचारलं तर सुरक्षा सांगा. युद्धगुन्ह्यांवर फिल्म काढणाऱ्या ब्रिटिश वाहिनीच्या, चॅनल फोरवाल्यांच्या ट्रेनसाठी अनुराधापुराला संतप्त नागरिक तयार असतातच. त्यांना संतापही रेल्वेचं वेळापत्रक बघून येतो.

एवढं करूनही एखादा पाहुणा परसदारी डोकावतोच. ब्रिटनचे तेव्हाचे पंतप्रधान डेव्हिड कॅमेरॉन 15 नोव्हेंबरला थेट उत्तरेत तमिळांच्या जाफन्याला गेले. तिथलं ग्रंथालय छान पांढरंशुभ्र. 1981 मध्ये तिथं सुमारे 97,000 पुस्तकं जळाली, त्याची काजळी औषधालाही नाही. बाहेर मात्र तशाच बायका, तसेच फोटो. पोलीस मागं रेटत होते आणि त्या हात आणखी उंच करत होत्या.

पुढच्या खेपेला गाडीला काळ्या काचा लावून घ्या. आतल्या बाजूनंही.