अभंगाला ड्रम्स आणि रे चार्ल्स

आषाढी जवळ आली की पुण्यातल्या मित्रांच्या व्हॉट्सॲप ग्रुपवर जुंपते: अभंगाला ड्रम्स-गिटार लावावेत का? ‘परंपरा बाटवली’ म्हणणारे एकीकडे, ‘पोरं निदान तुकोबा ऐकतायत ना’ म्हणणारे दुसरीकडे. मी इथे अटलांटात ते वाचतो आणि मला अमेरिकी गायक-पियानोवादक रे चार्ल्स आठवतो.

१९५४ साली याच शहरात, एका रेडिओ केंद्राच्या स्टुडिओत त्याने ‘आय गॉट अ वुमन’ रेकॉर्ड केलं. चाल चर्चच्या भजनावरून घेतलेली, पण येशूच्या जागी थेट प्रेयसी! बिग बिल ब्रूंझी भडकला. ब्लूज, म्हणजे कृष्णवर्णीय अमेरिकनांचं सुखदुःखाचं लौकिक गाणं, आणि भजन यांची ही सरमिसळ त्याला साफ चूक वाटली. ब्रूंझी तेव्हा काही पाद्री नव्हता, मुरलेला ब्लूज गायक होता. म्हणून विरोध करणाऱ्या प्रत्येकाला सनातनी ठरवून मोकळं होणं मला पटत नाही.

पुढे १९६२मध्ये तर या कृष्णवर्णीय गायकाने, गोऱ्यांची समजल्या जाणाऱ्या कंट्री गाण्यांचा, म्हणजे अमेरिकेतल्या ग्रामीण ढंगाच्या गाण्यांचा, अख्खा अल्बम काढला. कुठे बिग बँड, कुठे व्हायोलिनांचा ताफा. त्यातलं डॉन गिब्सनचं ‘आय कान्ट स्टॉप लव्हिंग यू’ पाच आठवडे पहिल्या क्रमांकावर राहिलं. याला सगळे धाडसी प्रयोग म्हणतात. पण फ्लोरिडातल्या लहानपणी शनिवारी रात्री तो रेडिओवर ‘ग्रँड ओल ऑप्री’ हा कंट्री गाण्यांचा कार्यक्रम ऐकायचा, आणि तरुणपणी टँपात एका कंट्री बँडमध्ये पियानोही वाजवायचा. ही गाणी त्याच्या कानात आधीपासूनच मुरलेली होती.

माझं म्हणणं एवढंच. ड्रम्स खुशाल लावा, पण पखवाजाची थाप कुठे पडते ते वाजवणाऱ्याला ठाऊक हवं. गोविंदराव टेंब्यांनी १९११च्या ‘मानापमान’मध्ये ठुमरी-कजरीच्या चाली आणल्या, त्या निभावल्या कारण टेंबे त्या गाण्यात बुडालेले होते. आजची बरीच फ्यूजनं ऐकताना वाटतं, गिटारवाल्याला अभंग परवाच भेटलाय.

आणि ग्रुपवर कधीच न निघणारा एक विषय. कंट्री अल्बमबद्दल रेकॉर्ड कंपनी साशंक होती, पण १९५९च्या करारात चार्ल्सने गाणी निवडायचा हक्क आणि मास्टर टेपची (मूळ ध्वनिमुद्रणाची) मालकी, दोन्ही पदरात पाडून घेतली होती. अभंग बाटला की नाही यावर आमच्याकडे रात्री दोनपर्यंत मेसेज पडतात. गाणाऱ्या पोराच्या हातात कोणता कागद आहे, हे कोणी विचारत नाही.